संस्कृती आणि सवड



या व्याख्यानमालेच्या चालकांनी मला जे पत्र पाठविले, त्यात विषय असा लिहिला होता : ‘भारतीय संस्कृती आणि आपले रोजचे जीवन – जुने व नवे’. पत्र वाचून मी थोडा बिचकलो. संस्कृतीवर बोलावयाचे म्हणजे वेदांपासून सुरुवात करावी लागते, आणि माझा व्यासंग हजेरीपत्रक, पगारपत्रक आणि कारखान्याचा कायदा यांच्या पलीकडे फारसा गेलेला नाही. शाळा मी आठवीत सोडली. पुढचे जे काही शिक्षण झाले, ते पाळी सुटल्यावर वाचनालयाच्या बाकावर बसून झाले. परंतु नंतर मनात विचार आला की, गेली तीस वर्षे ज्या माणसांत मी वावरतो, तीही सण करतात, लग्ने करतात, देवाला जातात, शेजाऱ्याच्या मयतीला जातात. म्हणजे संस्कृतीशी त्यांचाही काही संबंध असलाच पाहिजे. तेव्हा त्यांच्या बाजूने या विषयाकडे कसे दिसते, तेवढेच आज मी सांगणार आहे.

या विषयावर आपल्याकडे दोन प्रकारची भाषणे होतात. एक वक्ता म्हणतो, जुने सारे चालले, पोरे मोबाइलमध्ये बुडाली, सण नुसते नावाला उरले. दुसरा म्हणतो, जुन्याचे ओझे टाका, जग कोठे गेले आहे ते पाहा. दोघेही एक गोष्ट गृहीत धरून चालतात. ती ही की, जुने हे एका बाजूला उभे आहे, नवे दुसऱ्या बाजूला उभे आहे आणि मधे कुंपण आहे. हे कुंपण खरोखरच आहे काय, ते आधी तपासून पाहू.

त्यासाठी फार लांब जावयास नको. आपल्या नागपुरातच काही सनावळ्या शेजारी शेजारी मांडून पाहा. जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल १ जानेवारी १८७७ रोजी सुरू झाली. मध्य हिंदुस्थानातला हा मोठाच नवा प्रकार. वाफेचे यंत्र, भोंगा, पाळी, दंड, पगाराचा दिवस, सारेच नवे. आता आपली मारबत घ्या. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, काळी आणि पिवळी मारबत निघते, बडगे निघतात, रोगराईला आणि साऱ्या पीडेला गावाबाहेर काढण्याचा पुकारा होतो. हे सारे अगदी पुरातन असावे असे आपणांस वाटते. पण नागपुरातली काळी मारबत १८८१ पासूनची आणि पिवळी १८८५ पासूनची म्हणून सांगितली जाते. म्हणजे आपली ही प्राचीन मारबत एम्प्रेस मिलपेक्षा वयाने धाकटी आहे! सार्वजनिक गणेशोत्सवाला लोकमान्य टिळकांनी जे रूप दिले ते १८९३ चे. आणि ज्या पद्धतीच्या सभेत आपण आज बसलो आहो, ती वसंत व्याख्यानमाला न्यायमूर्ती रानडे यांनी पुण्यास सुरू केली ती १८७५ साली. व्याख्यानमाला, गिरणी, मारबत, गणेशोत्सव ही सारी वीस वर्षांच्या आतली भावंडे आहेत. यांतल्या एकाला आपण आधुनिक म्हणतो आणि दुसऱ्याला परंपरा म्हणतो, इतकेच.

ताटातही हेच दिसेल. सकाळी ज्या तर्रीपोह्यांवाचून नागपूरकराचा दिवस सुरू होत नाही, त्यातली मिरची अमेरिकेतून आली, शेंगदाणा अमेरिकेतून आला, बटाटा घातला असेल तर तोही तिकडचाच. वर जो चहा आपण घेतो, तो घरोघरी पोहोचून शंभर-सव्वाशे वर्षेच झाली. सावजी रस्सा हा आपल्या विणकरांच्या, हलबा कोष्ट्यांच्या घरचा. हातमागाचे दिवस फिरले तेव्हा त्यांतल्या कित्येकांनी खानावळी टाकल्या आणि घरचे कालवण शहराचे झाले. आज बाहेरगावचा पाहुणा नागपूरची परंपरा म्हणून ते मागून खातो. ते परंपरेचे आहे हे खरेच, पण त्या परंपरेच्या मुळाशी एका धंद्याची पडझड आहे, हेही तितकेच खरे.

तेव्हा जुने आणि नवे हा भेद मला फारसा उपयोगी वाटत नाही. त्याऐवजी मी आपणांपुढे दुसरा प्रश्न ठेवतो. कोणतीही चाल, जुनी असो वा नवी, जगते कशावर? ग्रंथांवर जगते काय? पुढाऱ्यांच्या भाषणांवर जगते काय? माझे उत्तर साधे आहे. ती माणसाच्या सवडीवर जगते. पुरणाला वेळ लागतो. बडग्या बांधावयास वेळ लागतो. आजीकडून गोष्ट ऐकावयास वेळ लागतो, आजारी शेजाऱ्याजवळ बसावयास वेळ लागतो, आणि पुस्तक वाचावयासही वेळ लागतो. ज्या समाजात बहुसंख्य माणसांचा वेळ त्यांचा स्वतःचा नाही, त्या समाजाची संस्कृती थोड्या लोकांच्या दिवाणखान्यात उरते. बाकीच्यांच्या वाट्याला तिची सुट्टी येते, आणि पुढे पुढे तीही येत नाही.

आपल्या पूर्वजांना हे कळत नव्हते असे नाही. पोळ्याचेच पाहा. हा सण कोणाचा? बैलाचा. आदल्या संध्याकाळी त्याच्या खांद्याला तूप-हळद लावून शेकतात, कारण वर्षभर जू त्या खांद्यावर असते. पोळ्याच्या दिवशी त्याच्या मानेवर जू ठेवावयाचे नाही, त्याला आसूड लावावयाचा नाही, त्याला न्हाऊ घालून पुरणपोळी चारावयाची. सालदारही त्या दिवशी बैल घेऊन घरोघर जातो आणि हक्काने बोजारा मागतो. मला या सणात एक मोठा विचार दिसतो : जो राबतो त्याला विसावा देणे हे धर्मकृत्य आहे, आणि त्याचा दिवस ठरलेला असला पाहिजे. तो दिवस मालकाच्या मर्जीवर सोडलेला नाही, पंचांगात लिहिलेला आहे. भोसले राजे दुसरे रघूजी यांनी मुलांसाठी लाकडी बैलांचा तान्हा पोळा सुरू केला असे म्हणतात. शहरात बैल राहिला नाही तरी बैलाच्या विसाव्याची आठवण राहिली.

दुसरी गोष्ट आपण बसलो आहो त्या महालातली. येथे भोसल्यांचा मस्कऱ्या गणपती पितृपक्षात बसतो, हे आपण सारे जाणता. पितृपक्षात मंगलकार्य नाही, मग हा गणपती कसा? तर सांगतात ते असे. चिमणाबापू बंगालच्या स्वारीवरून जिंकून परत आले तेव्हा घरचा गणपती शिरवून झाला होता. मोहिमेवरच्या माणसांचा सण बुडाला. म्हणून त्यांच्यासाठी पुन्हा गणपती बसविला, सोंगे आणविली, हास्यविनोद केला. ही हकिगत मला फार मोलाची वाटते. कामावर गेलेली माणसे सणाला घरी नव्हती, तर सण त्यांच्यासाठी थांबला. पंचांगापेक्षा माणूस मोठा ठरला. याहून मोठी संस्कृती मला तरी दाखविता येणार नाही.

आता गिरणीकडे वळू. गिरणी आली आणि वेळ विकत घेण्याची वस्तू झाली. शेतकऱ्याला आणि विणकराला कष्ट कमी नव्हते. पण मागावर बसलेला कोष्टी आपला धोटा थांबवून पाहुण्याशी दोन शब्द बोलू शकत होता. भोंग्याला पाहुणा कळत नाही. नागपूरच्या पेठांची नावेच पाहा : इतवारी, मंगळवारी, बुधवारी, शुक्रवारी. आपले वार हे बाजाराचे वार होते. आठवड्यातून एक दिवस साऱ्यांनी काम थांबवावयाचे, ही गोष्ट त्या वारांत नव्हती. सणवार, अमावास्या, लग्नसराई, पेरणीनंतरची उसंत, असा आपला विसावा वर्षभर विखुरलेला होता. गिरणीने तो विसावा काढून घेतला आणि बदली काही दिले नाही.

१८८१ साली पहिला कारखाना कायदा झाला. त्याने काय केले? सात वर्षांखालच्या मुलांना कामावर लावू नये आणि बारा वर्षांखालच्यांना नऊ तासांपेक्षा जास्त राबवू नये, असे सांगितले. मोठ्या माणसाच्या तासांबद्दल त्यात अक्षर नव्हते. सूर्य उगवला की यंत्र सुरू आणि मावळला की बंद. पुढे मुंबईच्या गिरण्यांत विजेचे दिवे आले, तेव्हा सूर्याचाही आधार गेला आणि दिवस चौदा-पंधरा तासांवर गेला.

या काळात एक माणूस उभा राहिला, त्याचे नाव नारायण मेघाजी लोखंडे. जोतीराव फुले यांचे सहकारी, ‘दीनबंधु’चे संपादक. मुंबईच्या गिरणीकामगारांना त्यांनी एकत्र केले. २४ एप्रिल १८९० रोजी सुमारे दहा हजार कामगारांची सभा भरली, तीत दोन स्त्रियाही बोलल्या. मागणी एकच : आठवड्याला एक दिवस सुट्टी. आणि १० जून १८९० रोजी मुंबईच्या गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. पुढच्या वर्षीच्या कायद्यात आठवड्याची सुट्टी आली, आणि स्त्रियांसाठी अकरा तासांची मर्यादाही आली.

रविवार का मागितला? लोखंडे यांच्या नावावर असा युक्तिवाद सांगितला जातो की, साहेबाचा रविवार चर्चचा असेल, पण आमचाही रविवार आहे, तो खंडोबाचा वार आहे. त्या दिवशी कुळाचार करावयास आम्हांला मोकळीक पाहिजे. मंडळी, जुने-नवे यांचे कुंपण येथे पुरते मोडून पडते. आठवड्याची सुट्टी ही यंत्रयुगातली मागणी, संघटना हे नवे हत्यार, आणि तिच्या समर्थनाला खंडोबा! आज रविवारी आपण उशिरा उठतो, मटण आणतो, नातेवाइकांकडे जातो. हा रविवार आपल्याला साहेबाने फुकट दिला असे पुष्कळांना वाटते. तो दहा हजार माणसांनी सभा भरवून मिळविला आहे.

पुढची वाटचाल थोडक्यात सांगतो. १९११ च्या कायद्याने कापडगिरणीतल्या प्रौढ पुरुषाला प्रथमच मर्यादा मिळाली, ती बारा तासांची. १९१९ साली आंतरराष्ट्रीय श्रमसंघटनेने आठवड्याला ४८ तासांचा ठराव केला, पण हिंदुस्थानपुरता अपवाद केला आणि ६० तास ठेवले. १९२२ साली आपल्याकडे ते ६० झाले, १९३४ साली ५४ झाले. बाबासाहेब आंबेडकर व्हाइसरॉयच्या मंडळात १९४२ ते १९४६ श्रमखाते सांभाळीत होते. १९४६ साली ते ४८ झाले आणि १९४८ च्या कारखाना कायद्यात तेच कायम झाले. म्हणजे १८८१ पासून ४८ तासांपर्यंत येण्यास पासष्ट वर्षे लागली. त्या पासष्ट वर्षांत संप झाले, टाळेबंद्या झाल्या. आपल्या नागपुरात रा. स. रुईकर यांच्यासारख्यांनी गिरणीकामगारांची संघटना बांधली. १९२९ साली अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेसचे अधिवेशन पंडित नेहरूंच्या अध्यक्षतेखाली याच शहरात भरले, आणि फुटलेही याच शहरात. हा सारा इतिहास आपण अर्थकारणाच्या कपाटात ठेवतो. माझे म्हणणे असे की, तो संस्कृतीच्या कपाटात ठेवला पाहिजे.

कारण या मिळालेल्या तासांचे कामगारांनी काय केले, ते पाहा. मालकांची बाजू घेणारे तेव्हा म्हणत की, या लोकांना सवड दिली तर ती दारूच्या गुत्त्यात जाईल. इंग्लंडातही १८४७ साली दहा तासांचा कायदा झाला तेव्हा हाच आक्षेप होता. काही सवड गुत्त्यात गेली, हे मी नाकारीत नाही. पण वस्त्यावस्त्यांतून जी भजनी मंडळे उभी राहिली, जे आखाडे चालले, जी खडी गंमत रात्ररात्र रंगली, जे गणपती बसले, जी वाचनालये निघाली, जे रात्रीचे वर्ग भरले, ते कोणाच्या वेळावर? १४ ऑक्टोबर १९५६ रोजी याच नागपुरात लाखो माणसे दीक्षेसाठी आली. त्यांत शेतमजूर होते तसे गिरणीकामगारही होते. त्यानंतर दरवर्षी दीक्षाभूमीवर पुस्तकांची जी दुकाने लागतात आणि हातावर पोट असलेली माणसे जी पुस्तके घेऊन घरी जातात, ती वाचण्यासाठी संध्याकाळ लागते. माझेच सांगावयाचे तर, मला वाचावयास मास्तरांनी शिकविले, पण वाचक केले ते आठ तासांच्या कायद्याने. सायंकाळी सहा ते नऊ हे माझे विद्यापीठ होते. त्या विद्यापीठाची फी आधीच्या दोन पिढ्यांनी भरून ठेवली होती.

येथे भगिनीवर्गाकडून एक आक्षेप येईल, आणि तो यावयासच पाहिजे. त्या म्हणतील, भाऊ, तुमच्या आठ तासांत आमचे तास कोठे आहेत? खरी गोष्ट आहे. जात्याचेच उदाहरण घ्या. जाते गेले आणि पिठाची गिरणी आली. जात्याबरोबर ओव्या गेल्या, म्हणून आपण हळहळतो. ओव्या हे मराठीचे धन आहे, यात शंका नाही. पण पहाटे चारला उठून दळणाऱ्या बाईला पुन्हा जाते पाहिजे का, हे तिला कोणी विचारले आहे काय? मी विचारले आहे. आमच्या वस्तीतली एक म्हातारी म्हणाली, “गाणं बरं होतं बापा, दळणं बरं नव्हतं.” या एका वाक्यात संस्कृतीचा सारा प्रश्न आला. गाणे ठेवावयाचे आणि दळणे सोडावयाचे, ही युक्ती आपल्याला साधली नाही. दळणे गेले, पण वाचलेला वेळ बाईच्या हाती राहिला नाही. तो दुसऱ्या कामांनी खाल्ला. केंद्र सरकारने २०२४ साली देशभर वेळेच्या वापराची पाहणी केली. तीत असे आढळले की, घरचे बिनपगारी काम करणाऱ्या स्त्रीचा त्या कामात दिवसाला २८९ मिनिटे वेळ जातो, आणि असे काम करणाऱ्या पुरुषाचा ८८ मिनिटे. जवळजवळ पाच तास आणि दीड तास. आणि यांतल्या पुष्कळ बायका बाहेर नोकरी करून वर हे करतात. सणाच्या दिवशी तर हा हिशेब अधिकच बिघडतो. घरात दिवाळी असते तेव्हा स्वयंपाकघरात दोन पाळ्या चालतात. ज्या सणाने घरातल्या अर्ध्या माणसांना विसावा मिळत नाही, तो सण अजून अर्धाच आहे. पोळ्याला बैलाचे जू उतरते, बाईचे चढते. हे पालटण्यासाठी कोणताही कायदा नको. पुरुषांनी पाट मांडावेत, भांडी घासावीत, एवढे पुरे.

दुसरा आक्षेप असा की, पूर्वी लोकांना सवड होती, आज ती मोबाइलने खाल्ली. पूर्वी सवड होती ती कोणाला? वाड्यातल्यांना होती. सालदाराला, मोलकरणीला, गावकी करणाऱ्याला ती नव्हती. ज्यांच्या अंगावर गावाची घाण काढण्याचे काम लादले होते, त्यांना तर सणाच्या दिवशी दुप्पट काम होते. म्हणून मागे परत जाण्यात मला काही अर्थ दिसत नाही. आणि मोबाइलचे म्हणाल तर, बारा तास राबून आलेला माणूस काही निवडीत नाही, तो जवळ असेल त्यावर अंग टाकतो. पूर्वी गुत्ता जवळ होता, आज खिशातला पडदा जवळ आहे. थकलेल्या माणसाला रसिकतेचा उपदेश करण्यात शहाणपणा नाही. आधी त्याचा थकवा कमी करू, मग त्याने काय पाहावे ते तोच आपल्याला सांगेल.

आता आजच्या परिस्थितीकडे येतो. एम्प्रेस मिल १९८६ साली सरकारकडे गेली आणि २००२ साली कायमची बंद झाली. तिच्या जागेवर आज मॉल उभा आहे. जेथे भोंगा वाजे तेथे आज सरकता जिना चालतो. मॉल वाईट आहे असे मी म्हणत नाही. उन्हाळ्यात तेथे गार हवा मिळते, म्हणून गोरगरीबही पोरांना घेऊन जातात. पण त्या मॉलमध्ये दिवसभर उभी राहणारी मुलगी आणि त्या गिरणीत साच्यावर उभा राहणारा तिचा आजा, या दोघांच्या कामाच्या अटी शेजारी ठेवून पाहा. आजाला भोंगा होता. भोंगा जसा बोलावीत असे, तसा सोडीतही असे. नातीला भोंगा नाही. तिला मोबाइलवर निरोप येतो, आणि तो केव्हाही येतो.

२०१७ च्या महाराष्ट्र दुकाने व आस्थापना कायद्याने दुकाने वर्षाचे ३६५ दिवस उघडी ठेवण्यास मुभा दिली. त्याच कायद्यात कामगाराला आठवड्याची सुट्टी आणि वर्षाला आठ भरपगारी सुट्ट्या आहेत. २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट, २ ऑक्टोबर आणि सणांच्या आणखी चार. पण हे वीस किंवा अधिक कामगार असलेल्या आस्थापनांना. आपल्या महालातली, केळीबाग रस्त्यावरची किती दुकाने त्यात बसतील, ते आपणच मोजा.

सप्टेंबर २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने कारखान्यांतली दिवसाची मर्यादा ९ तासांवरून १२ तासांवर नेण्यास मंजुरी दिली. आठवड्याचे ४८ तास मात्र तेच ठेवले. त्यानंतर २१ नोव्हेंबर २०२५ पासून केंद्राच्या चार श्रमसंहिता देशात लागू झाल्या. बारा तासांच्या बाजूचे लोक म्हणतात, चार दिवस बारा तास करा आणि तीन दिवस सुट्टी घ्या, यात कामगाराचे काय गेले? कागदावर हा हिशेब बरोबर आहे. पण महालातून बुटीबोरीला कामावर जाणाऱ्या माणसाचा दिवस मोजा. बारा तास काम, जाण्यायेण्यात दोन तास, आठ तास झोप. बावीस झाले. उरलेल्या दोन तासांत अंघोळ, जेवण, बाजार, मुलाचा अभ्यास, म्हातारीचे औषध. हा माणूस भजनाला कधी बसणार? ही व्याख्यानमाला त्याने कधी ऐकावयाची? आणि कंत्राटी कामगाराला ते तीन दिवस विसाव्याला मिळतील, की जादा कामाला जुंपले जातील, हे तीस वर्षांच्या अनुभवानंतर मला कोणी शिकवावयास नको.

याहून अवघड स्थिती त्या पोरांची आहे, जी पाठीवर चौकोनी पेटी घेऊन आपल्या दाराशी जेवण आणून देतात. कायद्याने त्यांना प्रथमच ‘गिग कामगार’ असे नाव दिले, त्यांच्यासाठी सामाजिक सुरक्षेच्या निधीची तरतूद केली, ही चांगली गोष्ट झाली. पण त्यांच्या तासांना मर्यादा नाही, त्यांना हक्काची सुट्टी नाही, कारण कायद्याच्या लेखी ते कोणाचे नोकर नाहीत. गेल्या पोळ्याला अशा एका पोराला मी म्हटले, आज तरी सुट्टी घ्यायची. तो हसला. म्हणाला, “काका, सणाच्या दिवशीच तर ऑर्डरी जास्त असतात. आज बसलो का मंग हप्ता कुठून भरू?” शेतकऱ्याचा पोरगा तो. त्याच्या गावी त्या दिवशी बैलाच्या मानेवर जू नव्हते.

मंडळी, हे ऐकून मला बरे वाटले नाही, आणि आपणांसही वाटणार नाही. बैलाला पंचांगात दिवस देणारा आपला समाज त्याच दिवशी माणसाला देत नसेल, तर संस्कृती धोक्यात आहे ती येथे आहे. ती जीन्स पँटने धोक्यात येत नाही, वाढदिवसाच्या केकने येत नाही, मुलीने दुचाकी चालविल्याने तर मुळीच येत नाही. हे सारे आपण पचवू, जशी मिरची पचविली, चहा पचविला. पण सवडच नाहीशी झाली तर जुने टिकणार नाही आणि चांगले नवेही रुजणार नाही.

मग काय करावयाचे? मी चळवळीतला माणूस, काही तरी काम सांगितल्यावाचून माझ्याने बसवत नाही. मोठी गोष्ट आधी सांगतो. कामाच्या तासांचा प्रश्न निघेल तेव्हा तो युनियनवाल्यांचा म्हणून सोडून देऊ नका. संस्कृतीवर प्रेम करणाऱ्या प्रत्येकाचा तो प्रश्न आहे. लोखंडे यांच्या सभेत दहा हजार गिरणीकामगार होते. आज अशा सभेत भजनी मंडळे, वाचनालये, गणेश मंडळे आणि शिक्षक यांनीही असावे.

लहान गोष्टी आपल्या हातात आहेत, त्या उद्यापासून करता येतील. आपल्या घरी धुणेभांडी करणारी बाई असेल, तर तिला आठवड्याचा एक दिवस ठरवून द्या, पैसे न कापता. तो दिवस आपल्या सोयीने मागेपुढे करू नका. पोळा, दिवाळी, आंबेडकर जयंती, ईद, ज्याचा जो सण असेल त्या दिवशी त्याला काम सांगू नका. दुकानदार बंधूंनी आपल्या दोन नोकरांनाही त्या आठ सुट्ट्या द्याव्यात. कायदा लागू नाही म्हणून माणुसकी लागू नाही असे होत नाही. सणाच्या दिवशी घरात पाच माणसे असताना बाहेरून जेवण मागविण्याआधी क्षणभर थांबा. आणि या व्याख्यानमालेच्या चालकांना माझी विनंती आहे की, एखादे व्याख्यान रविवारी सकाळी ठेवावे, आणि तेही वस्तीत ठेवावे, म्हणजे ज्यांच्याविषयी आपण बोलतो त्यांतली चार माणसे ऐकावयासही येतील.

चिमणाबापूंच्या माणसांसाठी महालात सण पुन्हा मांडला गेला, आणि ती चाल आपण अजून चालवितो. ती पाहावयास आपण जातो, सोंगांना हसतो. तिच्यातला अर्थही आपण चालवावा, एवढीच माझी अपेक्षा आहे. जे कामावर आहेत ते येईपर्यंत सण पुरा झाला असे मानू नये.